फ्रायडे हार्बर: वाहत्या समुद्रपाण्याची प्रयोगशाळा

अमेरिकेच्या वायव्य टोकाला, कॅनडाच्या सीमेला खेटून सॅन हुआन नावाचा बेटांचा पुंजका आहे. त्यातल्या मुख्य बेटावर, फ्रायडे हार्बर या छोट्या बंदरगावाच्या पलीकडच्या किनाऱ्यावर, वॉशिंग्टन विद्यापीठाची सागरी प्रयोगशाळा उभी आहे. मुख्य भूमीवरून इथे यायला पूल नाही. आजही अ‍ॅनाकोर्टेसच्या धक्क्यावरून फेरीबोट पकडावी लागते. समुद्रकाठच्या संशोधनसंस्थांना वाहिलेल्या या स्मरणिकेत तिचा इतिहास यावा, याला माझ्या मते एक कारण पुरेसे आहे. आज जगभरच्या जीवशास्त्राला पेशीच्या आत पाहायला मदत करणारा हिरवा प्रकाश या संस्थेच्या धक्क्यावर, साध्या हातजाळ्यांनी, जेलीफिशमागे जेलीफिश वेचून गोळा झाला आहे.

संस्थेचा आरंभ १९०४ चा. विद्यापीठातले प्राणिशास्त्राचे प्राध्यापक ट्रेव्हर किनकेड उन्हाळ्यात विद्यार्थ्यांना घेऊन या बेटावर आले. भरती-ओहोटीतला फरक मोठा, पाणी थंड, प्रवाह जोरकस आणि खडकांवर जिवांची दाटी. सागरी प्राणी शिकवायला वर्गातल्या बरण्यांपेक्षा ही जागा किती तरी चांगली, हे त्यांना उघड दिसले. पहिली बरीच वर्षे काम फक्त उन्हाळ्यापुरते चाले, विद्यार्थी तंबूत राहत आणि ओहोटीच्या वेळेवर दिवस आखला जाई. १९१४ ते १९३० या काळात धुरा होती थिओडोर फ्राय यांच्याकडे. ते वनस्पतिशास्त्रज्ञ, समुद्रशैवालांचे अभ्यासक. संस्थेला कायमचे घर मिळाले ते त्यांच्याच काळात.

त्या घराची हकीकत सांगण्यासारखी आहे. हे बेट कोणाचे, यावरून १८५९ मध्ये ब्रिटन आणि अमेरिका यांच्यात लढाईची वेळ आली होती. निमित्त होते बटाट्याच्या शेतात शिरलेल्या एका डुकराचे. गोळी लागली ती डुकरालाच. पण दोन्ही देशांच्या सैन्यतुकड्या पुढली बारा-तेरा वर्षे बेटावर तळ देऊन राहिल्या. अखेर १८७२ मध्ये जर्मन सम्राटाच्या लवादाने बेट अमेरिकेकडे गेले. पुढे तिथला पॉइंट कॉशन हा भाग लष्करासाठी राखून ठेवण्यात आला होता. त्यातली ४८४ एकर जमीन १९२१ मध्ये काँग्रेसने कायदा करून विद्यापीठाला दिली. तोफांसाठी राखलेली जमीन शैवाल, शिंपले आणि विद्यार्थ्यांकडे आली. १९२४ मध्ये संस्था नव्या जागी हलली. बैठ्या प्रयोगशाळा, खाली धक्का, मागे फर वृक्षांचे जंगल, अशी तिची ठेवण तेव्हापासूनची आहे.

जमिनीइतकीच मोठी गोष्ट १९२३ मध्ये घडली, पण तिचा उल्लेख फारसा कोणी करत नाही. वॉशिंग्टन राज्याच्या विधिमंडळाने कायदा करून या बेटांभोवतीचे खारे पाणी, तळ आणि किनारे सागरी जीवांसाठी राखीव ठरवले. माणसाच्या खाण्यासाठी काही घेतले तर हरकत नाही. एरवी इथला जीव उचलायचा, तर संस्थेच्या संचालकाची परवानगी हवी. अभ्यासासाठी जीव गोळा करणाऱ्या संस्थेवरच त्या जिवांची राखण सोपवली गेली. शंभर वर्षांपूर्वीच्या त्या कायदेमंडळाने केवढा विश्वास टाकला, आणि केवढी जबाबदारीही.

१९३० मध्ये सूत्रे थॉमस थॉम्पसन यांच्याकडे आली. थॉम्पसन रसायनशास्त्रज्ञ होते. समुद्राच्या पाण्यात कोणते क्षार, कोणत्या प्रमाणात आहेत, हा त्यांचा ध्यास. त्यांच्या वेळी संस्थेला सागरविज्ञानाच्या प्रयोगशाळांचे रूप आले आणि पाणी हाच अभ्यासाचा विषय झाला. त्यांच्यानंतर पुन्हा प्राणिशास्त्राचे दिवस आले. रॉबर्ट फर्नाल्ड हे अपृष्ठवंशी प्राण्यांच्या गर्भविकासाचे जाणकार संचालक झाले. पाहुण्या संशोधकांना दार सताड उघडे ठेवायची या संस्थेची रीत त्यांच्या काळात घट्ट झाली. कोणीही यावे, टेबल मागावे, उन्हाळाभर काम करावे. टेबलावर समुद्राचे पाणी अखंड वाहत असते. पंपाने वर आणलेले ते पाणी टाक्यांतून, तबकांतून फिरते आणि ओसंडून पुन्हा समुद्राकडे जाते. समुद्रातून काढलेला प्राणी त्यामुळे जिवंत आणि ताजातवाना राहतो. सागरी प्रयोगशाळेचा जीव तिच्या इमारतींपेक्षा या पाण्यात असतो, हे इथे काम केलेला कोणीही सांगेल. १९६१ च्या उन्हाळ्यात या पाण्याने जे केले, ते कोणी योजलेले नव्हते.

या खाडीत उन्हाळ्यात एक जेलीफिश येते. नाव एकोरिया. तळहाताएवढी, काचेसारखी आरपार, छत्रीच्या आकाराची. दिवसा पाण्यात ती नजरेला सापडणेही कठीण. अंधारात तिला धक्का लागला की छत्रीच्या काठाने हिरव्या ठिपक्यांचे कडे उजळते. प्रकाश देणारे हे बारीक अवयव फक्त काठावर असतात, शंभराहून अधिक. बाकीचे सगळे शरीर प्रकाशाच्या दृष्टीने रिकामे. प्रिन्स्टन विद्यापीठाचे न्यूटन हार्वी यांनी या जेलीफिशकडे फार आधी लक्ष दिले होते. डेव्हनपोर्ट आणि निकोल या जोडीने १९५५ मध्ये आणखी एक गोष्ट नोंदवली, ती अशी की अतिनील प्रकाश टाकला तर हे अवयव हिरवे चमकतात. ही चमक आणि जेलीफिशचा स्वतःचा प्रकाश यांचे नाते मात्र उलगडले नव्हते.

हार्वी यांचे शिष्य फ्रँक जॉन्सन यांनी ते कोडे हाती घेतले आणि मदतीला जपानहून एका तरुणाला बोलावले. ओसामु शिमोमुरा हे त्याचे नाव. नागासाकीत औषधशास्त्र शिकलेल्या शिमोमुरा यांनी १९५६ मध्ये नागोया विद्यापीठात सिप्रिडिना या चिमुकल्या सागरी प्राण्यातला प्रकाशद्रव्याचा घटक स्फटिकरूपात मिळवला होता. हार्वी यांच्या प्रयोगशाळेने वर्षानुवर्षे प्रयत्न करूनही जे हाती आले नव्हते, ते या तरुणाने साधले, म्हणून जॉन्सन यांचे लक्ष त्यांच्याकडे गेले. १९६१ च्या उन्हाळ्यात जॉन्सन, शिमोमुरा आणि त्यांचे सहकारी मोटारीने अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून पश्चिम किनाऱ्यापर्यंत जवळजवळ ५,००० किलोमीटर ओलांडून फ्रायडे हार्बरला पोचले. फर्नाल्ड यांनी त्यांना जागा दिली.

काम सुरू झाले ते वेचणीपासून. भरतीचे पाणी धक्क्यापाशी वाहत येई, तशा जेलीफिश येत. धक्क्यावर उभे राहून उथळ जाळ्याने एकेक उचलायची, बादलीत ठेवायची, वर आणायची, कात्रीने काठाचे कडे कापायचे. अशी वीस-तीस कडी रेयॉनच्या जाळीदार कापडातून पिळली की अवयव सुटून मंद उजळणारे गढूळ पाणी खाली येई. अडचण इथेच होती. प्रकाश द्यायचे थांबवून ते द्रव्य वेगळे काढायचे, आणि मग पुन्हा उजळवून दाखवायचे, हे साधेना. ठाऊक असलेली ठरावीक रीत होती: प्रकाशद्रव्य वेगळे, त्याला पेटवणारे विकर वेगळे, दोघांना आधी अलग करायचे. जॉन्सन त्याच वाटेने जाऊ पाहत होते. शिमोमुरा यांना वाटले की या प्राण्यात तसे काही नसावे. नाव काहीही असो, प्रकाश देतो तो पदार्थ आधी हाती घ्यावा. मतभेद झाला. दोघे एकाच टेबलाशी, आपापल्या टोकाला, आपापले प्रयोग करू लागले. गुरुस्थानी असलेल्या माणसाशी असे वेगळे वागणे त्या जपानी तरुणाला किती जड गेले असेल, याची आपल्याला कल्पना करता येते. जॉन्सन यांनी त्याला अडवले नाही, हे त्यांचेही मोठेपण.

विचार करायला शिमोमुरा वल्ह्याची होडी घेऊन खाडीत जात आणि पाण्यावर तरंगत पडून राहत. प्रवाह इतका ओढीचा की भान सुटले तर परतताना बराच वेळ वल्ही मारावी लागत. तिथेच त्यांना सुचले की प्रकाशात प्रथिनाचा हात असेल, तर आम्लतेने त्याचे काम तात्पुरते थांबायला हवे. त्यांनी निरनिराळ्या आम्लतेची द्रावणे करून पाहिली. सामू ४ ला प्रकाश विझला. गाळलेल्या द्रावणात खाण्याचा सोडा घालून आम्लता घालवली, तसा तो पुन्हा उजळला. द्रव्य जिवंत होते. मग उरलेले द्रावण त्यांनी मोरीत ओतले आणि मोरीच्या आत लख्ख निळा झोत उसळला.

त्या मोरीत शेजारच्या टाकीतून ओसंडणारे समुद्राचे पाणी येत होते. सागरी प्रयोगशाळेत ते यायचेच. शहरातल्या एखाद्या रसायनशाळेत हाच प्रयोग झाला असता, तर तो झोत कदाचित असा उसळलाच नसता. समुद्रपाण्यात काय काय आहे हे ठाऊकच होते. थॉम्पसन यांच्यासारख्यांनी त्यासाठी आयुष्य वेचले होते. त्यातल्या घटकांपैकी पेटवणारा घटक कॅल्शियम, हे शोधायला त्यामुळे वेळ लागला नाही. आणि कॅल्शियमने पेटते असे कळल्यावर, कॅल्शियम बांधून ठेवणारे ईडीटीए हे रसायन वापरून द्रव्य अंधारात, न पेटू देता काढता येऊ लागले. उन्हाळ्याच्या अखेरीस सुमारे १०,००० जेलीफिशचा अर्क घेऊन मंडळी प्रिन्स्टनला परतली. महिनोन्‌महिने शुद्धीकरण करून हाती आले अवघे पाचेक मिलिग्रॅम प्रथिन. त्याला नाव दिले एकोरिन.

एकोरिन हे विलक्षण प्रथिन आहे. त्याच्या आत प्रकाशाला लागणारी सगळी सामग्री, प्राणवायूसुद्धा, आधीच भरून ठेवलेली असते. ताणून धरलेल्या बेचकीसारखे ते तयार असते. कॅल्शियम लागले की सुटते आणि निळा प्रकाश देते. स्नायू आकुंचन पावताना, चेतापेशी बोलताना, अंड्यात शुक्रजंतू शिरताना पेशीत कॅल्शियमची लाट उठते, हा अंदाज होता. ती लाट डोळ्यांनी पाहायची सोय एकोरिनने केली. १९६७ मध्ये रिजवे आणि अ‍ॅशली यांनी खडकाला चिकटणाऱ्या एका मोठ्या बार्नॅकलच्या स्नायुतंतूत एकोरिन भरले आणि स्नायू हलताना कॅल्शियम कसे चढते-उतरते हे दाखवले. १९७८ मध्ये अ‍ॅलन आणि ब्लिंक्स यांनी बेडकाच्या हृदयात तेच केले.

मागणी वाढली आणि फ्रायडे हार्बरचा उन्हाळा बदलला. एकोरिनच्या आतल्या उजळणाऱ्या भागाची रचना शोधायची, तर एकेका प्रयोगाला शे-दीडशे मिलिग्रॅम शुद्ध प्रथिन हवे. तेवढ्यासाठी ५०,००० जेलीफिश, म्हणजे अडीच टन! १९६७ पासून शिमोमुरा दर उन्हाळ्यात पत्नी अकेमी आणि मुलांसह इथे येऊ लागले. पहाटे सहाला धक्क्यावर वेचणी, आठपासून दुपारपर्यंत कडी कापणे, दुपारभर अर्क काढणे, जेवण आटोपून संध्याकाळी पुन्हा दुसऱ्या दिवसासाठी वेचणी. कापायला जॉन्सन यांनी एक यंत्र तयार केले होते, म्हणून दिवसाला हजारोंचा हिशेब जमू लागला. प्रयोगशाळेला कारखान्याचे रूप आले आणि जेलीफिशचा वास सगळीकडे भरून राहिला. शेजारच्या संशोधकांनी तो उन्हाळ्यामागून उन्हाळे सोसला, याचीही नोंद संस्थेच्या इतिहासात व्हायला हवी. १९७२ मध्ये रचनेची गुरुकिल्ली हाती आली. सगळी मिळून शिमोमुरा यांच्या मंडळींनी साडेआठ लाखांच्या आसपास जेलीफिश या पाण्यातून उचलल्या.

या सगळ्या वेचणीत आणखी एक पदार्थ आपोआप साठत होता. १९६१ च्या अर्कातच तो होता. त्याचे द्रावण उन्हात किंचित हिरवट, दिव्याखाली पिवळसर आणि अतिनील प्रकाशात झळझळीत हिरवे दिसे. १९६२ च्या शोधनिबंधात त्याची ओझरती नोंद आहे. जेलीफिश स्वतः हिरवी उजळते आणि तिच्यातून काढलेले एकोरिन मात्र निळे, हा विरोध त्यामुळे सुटला. एकोरिनची निळी ऊर्जा शेजारचे हे प्रथिन घेते आणि हिरव्या रंगात परत देते. त्याला हरित प्रदीप्त प्रथिन, म्हणजे सगळे ओळखतात ते जीएफपी, असे म्हणू लागले. त्याचा उपयोग काय, हे तेव्हा कोणाला दिसत नव्हते. तरीही शिमोमुरा यांनी ते टाकले नाही. उन्हाळ्यामागून उन्हाळे थोडे थोडे जमवून १९७९ मध्ये त्यांनी त्याच्या आतल्या रंगकारी भागाची रचना मांडली. हा भाग प्रथिनाच्या स्वतःच्या साखळीतूनच, शेजारशेजारच्या तीन अमिनो आम्लांतून घडतो. प्राणवायू सोडला तर बाहेरून काही आणावे लागत नाही. पुढची सगळी कहाणी या एका गोष्टीवर उभी आहे.

ती कहाणी झपाट्याने सांगता येते, कारण ती फ्रायडे हार्बरबाहेर घडली. डग्लस प्रॅशर यांनीही याच धक्क्यावर जेलीफिश वेचल्या होत्या. १९९२ मध्ये त्यांनी जीएफपीचे जनुक वाचून प्रसिद्ध केले. निधी संपल्यामुळे त्यांना काम पुढे नेता आले नाही, पण त्यांनी ते जनुक मागणाऱ्यांना मोकळ्या हाताने दिले. मार्टिन चाल्फी यांनी १९९४ मध्ये ते जीवाणूत आणि एका सूक्ष्म कृमीत घातले. जेलीफिशचा दुसरा कोणताही घटक न देता ते जीव हिरवे उजळले. रॉजर त्सिएन यांनी त्याच्यापासून अधिक तेजस्वी आणि वेगळ्या रंगांची प्रथिने घडवली. २००८ चे रसायनशास्त्राचे नोबेल शिमोमुरा, चाल्फी आणि त्सिएन यांना मिळाले. नियमाप्रमाणे पारितोषिक तिघांपुरतेच. प्रॅशर यांचे नाव त्यात नाही याची हळहळ त्यानंतर अनेकांनी बोलून दाखवली, आणि ती रास्त आहे. आज पुण्याच्या आयसरमध्ये किंवा मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत एखादी विद्यार्थिनी सूक्ष्मदर्शकाखाली हिरवी पेशी पाहते, तेव्हा तिच्यापुढे सॅन हुआनच्या पाण्यातला प्रकाशच असतो.

संस्थेचे नाव यापुरतेच घेतले तर अन्याय होईल. जोसेफ कॉनेल यांनी याच बेटाच्या खडकांवर बार्नॅकलची संख्या कोण ठरवतो, भक्षक की जागेची स्पर्धा, हे वर्षानुवर्षे तपासले. डेनिस विलोज तीस वर्षांहून अधिक काळ संचालक होते आणि ट्रायटोनिया या सागरी गोगलगायीच्या मोठाल्या चेतापेशींवर त्यांनी दीर्घ काम केले. रिचर्ड स्ट्रॅथमन यांच्यामुळे सागरी डिंभांच्या अभ्यासकांना हे माहेरघर झाले. अलीकडे अ‍ॅडम समर्स यांनी माशांच्या सांगाड्यांची सीटी स्कॅनने त्रिमितीय प्रतिमा घेण्याचा मोठा उपक्रम इथून चालवला आहे. यातल्या प्रत्येकावर स्वतंत्र लेख व्हावा.

एकोरियाचे पुढे काय झाले, हे मात्र इथेच सांगायला हवे. १९९० च्या दशकात धक्क्यापाशी येणाऱ्या जेलीफिशची संख्या ठळकपणे घटली. जेलीफिशच्या अभ्यासक क्लॉडिया मिल्स यांनी ही घट लिहून ठेवली. पूर्वी ज्या पाण्यात सकाळ-संध्याकाळ बादल्या भरत, तिथे ती शोधावी लागू लागली. सुदैवाने तोवर वेचणीची गरज उरली नव्हती. एकोरिनचे जनुक १९८५ मध्ये मिळाले होते, ते जीवाणूत घालून प्रथिन हवे तेवढे बनवता येत होते. जीएफपीचेही तसेच झाले. शास्त्राला लागणारी जेलीफिश शास्त्रानेच अनावश्यक केली. ही जीएफपीच्या कहाणीतली तितकीच अभिमानाची बाजू आहे, असे मला वाटते. नोबेलच्या उजेडात ती झाकली जाऊ नये. एकोरियाची तळाशी चिकटून राहणारी बालरूपे, तिचे खाद्य, पाण्याचे तापमान, या सगळ्यांचे गणित आता याच संस्थेच्या धक्क्यावरून नव्याने मांडले जायला हवे, कारण या जीवाकडून इतके घेतलेली दुसरी जागा जगात नाही.

शिमोमुरा यांचे ऑक्टोबर २०१८ मध्ये नागासाकीत निधन झाले. ज्या रांगेतल्या बैठ्या इमारतीत त्यांनी १९६१ चा उन्हाळा काढला, ती रांग अजून वापरात आहे. दर उन्हाळ्यात नवे विद्यार्थी येतात, टेबल मागतात, ओहोटीचे वेळापत्रक भिंतीवर लावतात. १९२३ चा कायदाही लागू आहे. संशोधनासाठी या पाण्यातून एक एकोरिया जरी उचलायची असली, तरी आधी संचालकांची परवानगी घ्यावी लागते.